नशिराबादची काच आणि तळेगावची शाळा

जळगावाहून भुसावळाकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर, जळगावच्या पूर्वेस सुमारे तीन कोसांवर आणि भादलीच्या रेल्वे स्थानकापासून दक्षिणेस कोसभर अंतरावर वसलेल्या नशिराबादचे नाव आज खानदेशाबाहेर फारसे कोणाच्या कानी नसले, तरी 1880 साली प्रसिद्ध झालेल्या खानदेशच्या गॅझेटियरात आजच्या जळगाव तालुक्याचा मुलूख नशिराबाद याच नावाच्या पोटविभागात मोडत असे. सातमाळ्यातील भिल्लांच्या धाडी या गावाने वारंवार सोसल्या; 1801 मध्ये एका पुंडाने ते लुटले, आणि 1803 च्या भयंकर दुष्काळाच्या तोंडावर खुद्द पेशव्यांच्याच एका अंमलदाराने वसुलाच्या तगाद्यापायी त्याची पुन्हा तीच गत केली. इतक्या आपत्तींतूनही जो एक धंदा येथे तगून राहिला आणि ज्याची नोंद सरकारी दप्तराने आवर्जून केली, तो काचेच्या बांगड्यांचा.

भट्टीत वितळलेल्या काचेचा लालबुंद गोळा लोखंडी सळईच्या टोकावर उचलावा, त्यास छिद्र पाडावे, तो मातीच्या फिरत्या शंकूवर चढवावा, आणि काच निवण्याच्या आत, हातातील आकडीने दाब देत देत, हव्या त्या मापापर्यंत त्याचे बिनसांध्याचे वर्तुळ वाढवीत न्यावे, ही आपल्या देशातील बांगडी घडविण्याची जुनी रीत होय. आणि ज्याने ती एकदा तरी पाहिली आहे त्यास हे सांगावयास नको की, काच किती तापली हे ओळखण्यासाठी कारागिराच्या डोळ्याखेरीज दुसरे कोणतेही यंत्र तेथे नसे. हा डोळा तयार होण्यास वर्षे लागत. शागीर्दाने आरंभी सरपण वाहावे, फुटक्या काचा रंगवार निवडाव्या, उस्तादाची सळई धुवावी-पुसावी, आणि पुष्कळ काळाने, उस्तादाच्या मनास येईल त्या दिवशी, स्वतः सळई हाती धरावी, असा क्रम सर्वच हातकामांत थोड्याफार फरकाने चालत आला. या शिक्षणास फी नव्हती आणि दाखलाही नव्हता. पण त्याची मर्यादा ही की, ते जातीच्या आणि नात्याच्या कुंपणाबाहेर सहसा जात नसे.

लिहिण्यावाचण्याच्या धंद्यातही याच जातीची एक वहिवाट होती. मामलेदाराच्या कचेरीत बिनपगारी नकला करीत, कारकुनाच्या हाताखाली वर्षानुवर्षे बसून राहणारा उमेदवार हा एकोणिसाव्या शतकातील प्रत्येक तालुक्यास परिचित इसम होता. जागा रिकामी होईपर्यंत घरची भाकरी खाऊन टिकून राहणे ज्यास शक्य असे, तोच अखेर नोकरीस लागे. ज्याच्या घरी भाकरीचीच विवंचना, त्यास ही वाट बंद होती. शिकणाऱ्याच्या पोटाची तजवीज कोणी करावी, हा प्रश्न त्या उमेदवाराच्या काळापासून आजतागायत या विषयाच्या मुळाशी आहे, आणि मला तो अभ्यासक्रमाच्या प्रश्नाहूनही मोठा वाटतो.

1860 नंतरच्या दशकात ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे खानदेशातून गेली. तिने कापूस मुंबईस नेला आणि मुंबई बंदरात उतरणारा परदेशी माल खेड्यापाड्यांत आणून पोहोचविला. ऑस्ट्रियाच्या बोहेमियातून येणाऱ्या एकसारख्या, चकचकीत, स्वस्त बांगड्यांपुढे देशी भट्ट्यांचा निभाव लागणे सर्वत्र दुष्कर झाले. देशी कारागिराचे कसब उणे नव्हते. परंतु शुद्ध वाळू, सोडा, अधिक उष्णता देणारी भट्टी आणि रंगांचे रसायन यांचे जे ज्ञान युरोपात शाळेत शिकविले जात होते, ते त्याच्यापर्यंत आणणारे कोणी नव्हते.

आणणारे निघाले, पण ते दुसरीकडे. 1890 साली सयाजीराव गायकवाडांच्या आश्रयाने आणि त्रिभुवनदास गज्जरांच्या परिश्रमाने बडोद्यास कलाभवन उभे राहिले, आणि इंग्रजी न येणाऱ्या मुलासही रंगकाम, यंत्रकाम देशी भाषेतून शिकता यावे हे तत्त्व तेथे प्रथमच मोठ्या प्रमाणावर अमलात आले. त्याहूनही विलक्षण प्रयोग महाराष्ट्रातल्या सामान्य माणसाच्या खिशातून झाला. अंताजी दामोदर काळे यांनी प्रत्येक माणसाने दरसाल एक पैसा द्यावा आणि त्यातून देशी उद्योग उभारावा अशी कल्पना मांडली. चौसष्ट माणसांनी दिले तेव्हा कोठे एक रुपया होणार, हे ठाऊक असूनही स्वयंसेवक पेट्या घेऊन जत्रांतून आणि उत्सवांतून हिंडले, टिळकांनी ‘केसरी’तून या फंडाचा पाठपुरावा केला, आणि 1908 साली, ज्या वर्षी टिळकांना मंडालेस धाडण्यात आले त्याच वर्षी, तळेगाव दाभाडे येथे पैसा फंडाचा काच कारखाना सुरू झाला. जपानात आणि अमेरिकेत काचेची विद्या शिकून आलेले ईश्वरदास वार्ष्णेय त्याचे चालक झाले.

तळेगावचा हा कारखाना एकाच वेळी कारखाना आणि शाळा होता, आणि त्याचे सारे महत्त्व या दुहेरी स्वरूपात आहे. तेथे शिकणाऱ्याने केलेली चिमणी, बरणी किंवा बाटली बाजारात विकली जाणार होती. ती तडकली तर गिऱ्हाईक परत आणून देणार होते. कल्पित उदाहरणे सोडवून परीक्षा देणाऱ्या विद्यार्थ्यास जी जबाबदारी कधीच कळत नाही, ती येथे पहिल्या महिन्यापासून अंगावर पडे. येथे तयार झालेली माणसे पुढे हिंदुस्थानातल्या निरनिराळ्या काच कारखान्यांत गेली. स्वतः वार्ष्णेय पुढे संयुक्त प्रांतात गेले आणि बहजोईस त्यांनी कारखाना चालविला. 1914 च्या महायुद्धाने परदेशी काचेची आवक तुटली तेव्हा या माणसांचे मोल देशास कळले. 1916 साली कऱ्हाडजवळ ओगल्यांचा कारखाना निघाला आणि त्याचा प्रभाकर कंदील घरोघर पोहोचला.

परंतु तळेगावचा हा गौरव करताना एक गोष्ट मला बोचते, आणि ती लिहिल्याशिवाय हा इतिहास प्रामाणिक होणार नाही. काचेची शाळा काढावयाची तर ती जेथे पिढ्यान्‌पिढ्या काच गाळली जात होती तेथेही न्यावी, ज्यांच्या डोळ्यास उष्णतेची पारख होती त्या बांगडीवाल्यांच्या मुलांना रसायन शिकवावे आणि उलट त्यांच्याकडून हात शिकून घ्यावा, हा विचार प्रत्यक्षात उतरला नाही. नशिराबादेस तळेगावची शाखा निघाली नाही. एका बाजूस विद्या आणि लोकाश्रय, दुसऱ्या बाजूस हात आणि भट्टी, यांची गाठ पडली असती तर युद्धकाळातील संधीचा मोठा वाटा फिरोजाबादेप्रमाणे खानदेशासही लाभला असता, असे मानण्यास जागा आहे. या विषयात झालेली ही सर्वांत मोठी हानी होय, असे माझे मत आहे.

त्यानंतरची हकीकत थोडक्यात सांगता येईल. नशिराबादच्या मुलांस जवळची कर्मशाळा म्हणजे भुसावळची रेल्वेची इंजिनशाळा. 1936 च्या डिसेंबरात तापीपलीकडे फैजपूरला राष्ट्रीय सभेचे पहिले ग्रामीण अधिवेशन भरले, त्यातील खादी व ग्रामोद्योग प्रदर्शन गांधीजींच्या हस्ते उघडले, आणि खेड्यातील हस्तकौशल्यास राष्ट्रीय प्रतिष्ठा लाभली. पण प्रदर्शनाचे मंडप उठले. स्वातंत्र्यानंतर 1949 मध्ये भुसावळास आणि 1964 मध्ये वरणगावास आयुध निर्माणी आल्या, 1950 पासून सरकारी औद्योगिक प्रशिक्षण संस्थांची योजना सुरू झाली, आणि 1961 च्या शिकाऊ उमेदवार कायद्याने शिकणाऱ्यास विद्यावेतन देण्याचे बंधन कारखानदारावर घातले. उमेदवाराच्या भाकरीचा प्रश्न कायद्याने प्रथम मान्य केला तो येथे.

2024 साली महाराष्ट्र सरकारने युवकांसाठी कार्य प्रशिक्षणाची योजना काढली, तेव्हा प्रारंभी सहा महिन्यांच्या मुदतीसाठी बारावी उत्तीर्णास दरमहा 6,000, आयटीआय किंवा पदविकाधारकास 8,000 आणि पदवीधरास 10,000 रुपये असे विद्यावेतन ठरले. पैसा थेट शिकणाऱ्याच्या हाती देण्याचे हे धोरण स्वागतार्ह आहे. पण ते हाताच्या कसबावर नव्हे, परीक्षेच्या पायरीवर मोजले गेले, आणि दहावीतच शाळा सुटलेला मुलगा त्या मोजणीत आलाच नाही. त्याच मुलासाठी पुणे जिल्ह्यातील पाबळ येथे डॉ. श्रीनाथ कालबाग यांनी 1983 मध्ये विज्ञान आश्रम काढला होता. तेथे मुले वेल्डिंग, बांधकाम, वीजजोडणी, शेती आणि आरोग्यतपासणी हे सारे एकत्र शिकतात, आणि गावकऱ्यांची खरी कामे मोल घेऊन करतात. जळगाव-भुसावळ रस्त्याच्या या टापूत, जेथे रेल्वे, निर्माणी आणि कारखाने हाकेच्या अंतरावर आहेत, तेथे अशी शाळा लोकांनीच वर्गणी काढून उभी करावी, तिच्यात शिकणाऱ्यास पहिल्या दिवसापासून रोजमुरा मिळावा, आणि शिकविण्यास ज्यांच्याजवळ कोणताही दाखला नाही असे हातकसबी लोक पगारावर नेमावेत, हे 1908 साली एका पैशाच्या बळावर शक्य झाले असेल तर आज अशक्य मानण्याचे कारण मला दिसत नाही.