काचेतला उजेड कुठे हरवतो?

भंडारा जिल्ह्यातल्या बपेऱ्यासारख्या गावांत इंटरनेट न्यायचे तर ऑप्टिकल फायबर लागते. केसाएवढ्या काचेच्या तंतूतून उजेड धावतो आणि वाटेत मंदावत जातो. ही घट कमी करायला माणसाला बराच काळ लागला.

उजेड तंतूत कोंडून राहतो तो वक्रीभवनाच्या नियमामुळे. हा नियम बगदादच्या इब्न सहल यांनी 984 च्या सुमारास मांडला होता. तरी 1960 च्या दशकापर्यंत काचेत किलोमीटरभर गेलेला उजेड संपूनच जाई. 1966 मध्ये चार्ल्स काओ आणि जॉर्ज हॉकहॅम यांनी याचे कारण दाखवले: काचेतली लोहासारखी अशुद्धी. किलोमीटरमागे घट 20 डेसिबलवर आणली, म्हणजे शंभरातला एक भाग उजेड उरला, तरी संदेशवहन जमेल, असे त्यांचे गणित होते. 1970 मध्ये अमेरिकेतल्या कॉर्निंग कंपनीने 17 डेसिबल गाठले. आज चांगल्या फायबरमध्ये ही घट सुमारे 0.2 डेसिबल आहे. तेव्हा एका किलोमीटरसाठी मान्य केलेली घट आता शंभर किलोमीटरमध्ये होते.

काच शुद्ध झाली. आता उजेड हरवतो तो तार जास्त वाकवलेल्या वळणावर, धूळ बसलेल्या कनेक्टरमध्ये, घाईत केलेल्या सांध्यात. 2011 मध्ये केंद्राने ग्रामपंचायतींपर्यंत फायबर नेण्याची योजना मंजूर केली, ती पुढे भारतनेट झाली. गावातल्या मुलीचा शिष्यवृत्तीचा अर्ज अर्ध्यात अडकला, तर आधी विचारावे: शेवटचा सांधा कोणी आणि कधी तपासला?