खासगी कोणाचे?

'प्रायव्हेट सेक्रेटरी' हा शब्द आम्ही सरकारी नोकरीत जन्मभर ऐकला, लिहिला आणि प्रसंगी त्या पदाच्या दाराबाहेर तासन्‌तास ताटकळलोही. महाराष्ट्रात त्याला 'खासगी सचिव' म्हणतात, मध्य प्रदेशात 'निज सचिव'. वेतन मात्र दोन्हीकडे सरकारी तिजोरीतून. मग यात खासगी ते काय? या प्रश्नाचे उत्तर आम्हांस देवासच्या इतिहासात सापडले.

धार व देवास ही माळव्यातील पवारांची संस्थाने. धारला गादी एक. देवासला तुकोजी व जिवाजी या बंधूंपासून थोरली आणि धाकटी अशा दोन पात्या, म्हणजे एका गावात दोन दरबार. थोरल्या पातीचे तिसरे तुकोजीराव महाराज यांच्याकडे १९२१ साली ई. एम. फॉर्स्टर हे इंग्रज कादंबरीकार काही महिने प्रायव्हेट सेक्रेटरी होते. रजेवर गेलेल्या एका इंग्रज अधिकाऱ्याची ती जागा.

इंग्लंडात या पदाचा रूढ अर्थ धन्याची पत्रे लिहिणारा, त्याची गुपिते सांभाळणारा विश्वासू माणूस. आपल्याकडे असा माणूस म्हणजे चिटणीस; शिवछत्रपतींचे बाळाजी आवजी आठवावेत. देवासला फॉर्स्टरांच्या वाट्याला आले काय, तर बागा, टेनिसची मैदाने, मोटारी, पाहुण्यांचा बंगला आणि विजेचे घर! लेखणीशी संबंध बेताचाच.

व्याकरणाच्या भाषेत सांगायचे तर इंग्रजांचा समास कर्मधारय, 'खासगी असा सचिव'. देवासचा षष्ठी तत्पुरुष, 'खासगीचा सचिव'. मराठी दरबारांत 'खासगी' हे विशेषण नव्हे, ते खातेच होते. पुण्यातील खासगीवाले हे आडनाव त्याचीच खूण. इंदूरच्या होळकरांकडे दौलत आणि खासगी यांचे हिशेब वेगळे असत. ही भिंत उभी असे तोवर राजाच्या हौसेची झळ राज्याला कमी पोहोचे.

देवासला ती भिंत टिकली नाही. नवा राजवाडा बांधून पुरा होण्याआधीच ढासळू लागला होता, हे फॉर्स्टरांनी पाहिले. महाराजांवर त्यांचा मनापासून लोभ होता, पण त्या लोभाने त्यांनी डोळे मिटले नाहीत. गोकुळाष्टमीच्या उत्सवाने मात्र ते भारावले. १९२४ च्या 'अ पॅसेज टू इंडिया'चा अखेरचा भाग त्यातूनच आला. खुद्द देवासची हकीकत 'द हिल ऑफ देवी' या पुस्तकात १९५३ साली प्रसिद्ध झाली.

ती वाचावयास महाराज नव्हते. कर्जबाजारी संस्थान मागे टाकून ते १९३३ साली फ्रेंचांच्या पाँडिचेरीस निघून गेले आणि १९३७ साली तेथेच वारले.