तब्येत सुधारली का रे?

गेल्या महिन्यात चार दिवस गावी जाऊन आलो. गाव पाथर्डी तालुक्यात, म्हणजे पूर्वीचा अहमदनगर आणि 2024 पासून अहिल्यानगर जिल्हा. एसटीतून उतरलो तोच धाकट्या काकूने माझ्या पोटाकडे बघून सर्टिफिकेट दिलं, "तब्येत सुधारली की रे!" त्याच्या आदल्याच आठवड्यात ऑफिसच्या हेल्थ चेकअपमध्ये बीएमआय 27 निघाला म्हणून डॉक्टरीणबाईंनी माझी चांगली हजेरी घेतली होती. आता खरं कोणाचं मानायचं?

आपल्याकडे 'तब्येत' म्हणजे आरोग्य आणि 'तब्येत' म्हणजे अंगावरचं मांससुद्धा. आमच्या भागात यामागे दुष्काळ आहे. 1876-78 च्या दुष्काळात नगर जिल्हा होरपळला. 1877 साली सर रिचर्ड टेंपलने ठरवलं की दुष्काळी कामावरच्या मजुराला रोज एक पौंड धान्य, म्हणजे साधारण 450 ग्रॅम, पुरे. दिवसभर खडी फोडणाऱ्या माणसाला! पुण्याच्या सार्वजनिक सभेने याविरुद्ध आवाज उठवला. 1972 चा दुष्काळ तर आजीच्याच तोंडून ऐकलाय. कामावर मिळणारी सुकडी, रेशनचा तांबडा मिलो, उन्हात वाहिलेली माती. अशा मुलखात जाड माणूस म्हणजे घरात धान्य असलेला माणूस. त्याला कोण नावं ठेवणार?

जुने वैद्य मात्र नावं ठेवत. चरकसंहितेत आठ 'निंदित' शरीरं सांगितली आहेत. त्यात अतिस्थूल आहे तसा अतिकृशही आहे. फार काळा आहे तसा फार गोरासुद्धा. (लग्नाच्या जाहिराती देणाऱ्यांना हे कुणीतरी कळवा :) )

बीएमआयचं सूत्र बेल्जियमच्या क्वेटलेचं, 1830 च्या दशकातलं. हा गणिती आणि खगोलशास्त्रज्ञ. त्याला 'सरासरी माणूस' शोधायचा होता, कुणाचा आजार नव्हे. त्याला बीएमआय हे नाव दिलं अमेरिकेच्या अ‍ॅन्सेल कीजने, 1972 मध्ये. म्हणजे आजी मिलोच्या रांगेत उभी होती त्याच वर्षी. कीजने अनेक देशांतले पुरुष मोजले, त्यांत भारतातले नव्हते.

आपली मापं पुण्यात घेतली गेली. केईएम हॉस्पिटलचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांचे सहकारी 1993 पासून पुण्याजवळच्या सहा गावांत गरोदर बायका आणि त्यांच्या मुलांचा अभ्यास करत आले. तिथली बाळं जन्मतः सरासरी 2.7 किलोची, इंग्लंडमधल्या साउदॅम्प्टनची 3.5 किलोची. पण गंमत पुढे आहे. आपल्या बाळांचे स्नायू कमी, चरबी मात्र त्या मानाने फारशी कमी नाही. दिसायला बारीक, आतून जाड. 2004 मध्ये 'लॅन्सेट'मध्ये याज्ञिकांनी स्वतःचा आणि ब्रिटिश डॉक्टर जॉन युडकिन यांचा फोटो छापला. दोघांचाही बीएमआय 22.3. युडकिन यांच्या शरीरात चरबी 9.1 टक्के, याज्ञिकांच्या 21.2 टक्के! त्याच वर्षी जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञांनी आशियाई लोकांसाठी 25 ऐवजी 23 पासूनच सावध व्हायला सांगितलं.

हे सगळं मी उगाच शोधत बसलो नाही. आमचे धाकटे काका 1973 चे, म्हणजे आजी खडी फोडत होती तेव्हा तिच्या पोटात होते. आयुष्यभर काटक. "याला कसला आलाय आजार" म्हणून साखर कधी कुणी तपासलीच नाही. घरातल्या प्रत्येक लग्नात उपदेश ऐकायची ती जाडजूड आत्या. तिची साखर आजही नॉर्मल. काकांची कळली ती पायाची जखम भरेना तेव्हा. दोन बोटं काढावी लागली. (एका माणसावरून काही सिद्ध होत नाही, मान्य.)

निघायच्या आदल्या रात्री काकूला लॅपटॉपवर तो दोन डॉक्टरांचा फोटो दाखवला. ती बराच वेळ बघत राहिली. मग म्हणाली, "दोघंही तुझ्या काकांसारखेच बारीक आहेत की रे."