बीदरची वीज आणि तिचा हिशेब

बीदरचा, बहमनी वजीर महमूद गवानचा मदरसा १४७२च्या सुमारास बांधून झाला. तीनमजली इमारत, दर्शनी बाजूला दोन मिनार. त्यातला सुमारे १३१ फुटी एक आज उभा आहे. दुसरा, प्रवेशद्वार आणि शेजारच्या भागासकट, १६९६ साली कोसळला. मोगल फौजेने तिथे बंदुकीची दारू साठवली होती. कुणी म्हणतं वीज पडली, कुणी म्हणतं दारू पेटली.

जवळच अष्टूरला बहमनी सुलतानांच्या कबरी आहेत. त्यातल्या हुमायूनच्या कबरीचा घुमट विजेनं उभा चिरला. हा हुमायून (१४५८–६१) ‘जालीम’ म्हणूनच ओळखला जातो, तेव्हा लोकांनी न्याय लावून टाकला: देवानं मेल्यावरही सोडलं नाही. मग गवानचं काय? त्याचा तर बनावट पत्रावरून १४८१ मध्ये नाहक शिरच्छेद झाला होता!

बीदर दोन हजार फुटांहून उंच जांभ्याच्या पठारावर आहे, आणि वळवाचे ढग पाप-पुण्य पाहत नाहीत, उंची पाहतात.

विजेतून बाहेर पडणारी ढगातली ऊर्जा असते कुठे? मॅक्सवेलनं १८६५ मध्ये मांडलं की ती विद्युतभारांच्या मधल्या रिकाम्या वाटणाऱ्या जागेत, क्षेत्रातच साठलेली असते. क्षेत्राच्या तीव्रतेचा वर्ग करायचा, त्याला निर्वाताच्या विद्युत पारगम्यतांकानं गुणायचं आणि निम्मं करायचं; दर घनमीटरची ऊर्जा मिळते. वादळी ढगात मीटरला एक लाख व्होल्ट धरले, तर घनमीटरमागे ०.०४४ ज्यूल येतात. अगदीच चिल्लर. पण घनकिलोमीटरभर हवेत तेच ४.४ कोटी ज्यूल होतात, म्हणजे घरच्या मीटरवरचे १२ युनिट. एका मोठ्या विजेचे ढोबळमानाने १०० कोटी ज्यूल धरतात. तेवढ्यासाठी असे तेवीसेक घनकिलोमीटर रिकामे व्हावे लागतात.

तेवढीच ऊर्जा साडेतीन क्विंटलहून कमी दारूत मावते. शिवाय विजेची बहुतेक ऊर्जा वाटेतली हवा तापवण्यात आणि गडगडाटात जाते. दगड-चुन्यातल्या ओलाव्याची एकदम वाफ होऊन घुमट फुटू शकतो; अष्टूरला तेवढं पुरेसं होतं. मदरशाची अख्खी बाजू पाडायला मात्र विजेनं फार तर ठिणगी दिली असावी, बाकीचं काम दारूचं.

दारूची ही ताकद औरंगजेबाला ठाऊक नव्हती असं नाही. त्याच्याच १६५७च्या वेढ्यात बीदरच्या बुरुजावरच्या दारूसाठ्यात अग्निबाण पडला, स्फोटात किल्लेदार सिद्दी मर्जान प्राणांतिक भाजला, आणि मोगल आत शिरले.