समजून घ्या : ‘डार्क फँटसी’ गेम म्हणजे काय? त्यावर ‘१८+’ का लिहिलेलं असतं?

नीटच्या तयारीसाठी मराठवाड्यातली हजारो मुलं लातूर-नांदेडला खोली घेऊन राहतात. अशा एखाद्या मुलाच्या लॅपटॉपवर राक्षस, रक्त आणि अंधारी भुयारं दिसली, तर आई-वडील घाबरणारच. पण असे सगळे गेम एकसारखे नसतात.

डार्क फँटसी म्हणजे काय?

जादू, शाप, राक्षस असलेलं काल्पनिक जग म्हणजे फँटसी. त्यात भीती आणि मृत्यूचं राज्य असेल, चांगल्याचा विजय होईलच याची खात्री नसेल, तर ती डार्क फँटसी. नारायण धारप वाचलेल्यांना किंवा ‘तुंबाड’ (२०१८) पाहिलेल्यांना ही चव ओळखीची वाटेल.

‘रोल प्लेइंग’ गेममध्ये खेळणारा एक पात्र होतो, त्याची ताकद आणि कौशल्यं वाढवत नेतो. त्याच्या निर्णयांनुसार अनेकदा गोष्टही बदलते. मोठ्या कंपनीच्या पाठबळाशिवाय छोट्या टीमने बनवलेला गेम म्हणजे ‘इंडी’.

महाराष्ट्रात असा गेम बनलाय का?

जवळचं उदाहरण पुण्याचं आहे. नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी : अॅन एन्शंट एपिक’ २०२० मध्ये आला. राक्षसांनी पळवलेल्या गोलू या भावाला शोधणाऱ्या राजीची ही गोष्ट. दुर्गा आणि विष्णू ती सांगतात. २०१७ मध्ये लोकवर्गणीतून पैसे उभे करण्याचा टीमचा प्रयत्न फसला होता. तरीही गेम पूर्ण झाला आणि ‘द गेम अवॉर्ड्स’मध्ये पदार्पणाच्या पुरस्कारासाठी त्याला नामांकन मिळालं. मात्र ‘राजी’ हा अॅक्शन-अॅडव्हेंचर गेम आहे, रोल प्लेइंग नाही. त्यात राक्षस असले तरी तो फक्त प्रौढांसाठीचा गेम नाही.

मग प्रौढांसाठीचा कोणता?

फिनलंडच्या मिरो हावेरिनेन यांचा ‘फिअर अँड हंगर’ (२०१८) बघा. यात अंधारकोठडीत उतरायचं असतं. भूक लागते, मन खचतं, लढाईत हात-पाय तुटतात. लैंगिक हिंसाही आहे. म्हणून तो मुलांसाठी नाहीच.

वय कसं तपासायचं?

सिनेमाला आपल्याकडे सेन्सॉर बोर्डाचं प्रमाणपत्र लागतं, गेमला नाही. म्हणून युरोपातल्या ‘पेगी’ किंवा अमेरिकेतल्या ‘ईएसआरबी’चं मानांकन बघावं. ‘पेगी १८’ म्हणजे फक्त प्रौढांसाठी. प्ले स्टोअरवर वयोगट दिलेला असतो. स्टीमवर प्रौढ मजकुराची सूचना अनेकदा गेमच्या पानावरच असते, पण जन्मतारीख खोटी टाकूनही ते पान उघडता येतं.

त्यामुळे गेम डिलीट करायला सांगण्याआधी त्याचं नाव विचारा, मानांकन बघा आणि मुलाला दहा मिनिटं तो खेळून दाखवायला सांगा. ‘राजी’ निघाला तर काळजीचं कारण नाही. ‘फिअर अँड हंगर’ निघाला, तर तो त्याच्या वयासाठी का नाही, हे शांतपणे समजावून सांगा.