जॉइस, विल्यम
(२४ एप्रिल १९०६–३ जानेवारी १९४६). दुसऱ्या महायुद्धात जर्मन रेडिओवरून ब्रिटनविरोधी प्रचार करणारा निवेदक. ‘लॉर्ड हॉ-हॉ’ या टोपणनावाने कुप्रसिद्ध. जन्म न्यूयॉर्कच्या ब्रुकलिनमध्ये, बालपण आयर्लंडमधील गॉलवेत. ज्यूद्वेषाने पछाडलेला हा फर्डा वक्ता ऑस्वल्ड मोझलीच्या ब्रिटिश फॅसिस्ट पक्षाचा प्रचारप्रमुख होता. १९२४ मधल्या एका सभेतील मारामारीत झालेल्या वाराचा व्रण त्याच्या उजव्या गालावर कानापासून ओठापर्यंत होता.

ऑगस्ट १९३९ मध्ये तो बर्लिनला पळाला. ‘जर्मनी कॉलिंग’ ही त्याची अनुनासिक हाक लाखो ब्रिटिश घरांत ऐकली जाई. कोणी करमणूक म्हणून ऐके, कोणी बीबीसी सांगत नसलेली बातमी मिळेल म्हणून.

मे १९४५ मध्ये फ्लेन्सबुर्गजवळ ब्रिटिश सैनिकांनी त्याला आवाजावरूनच ओळखले.

त्याच्यावरचा राजद्रोहाचा खटला मात्र आजही खटकतो. जन्माने अमेरिकी असलेला माणूस ब्रिटनचा राजद्रोही कसा? त्याने जन्मस्थान खोटे सांगून ब्रिटिश पासपोर्ट मिळवला होता; तो जुलै १९४० पर्यंत वैध असल्याने तोवर राजनिष्ठा बंधनकारक होती, असे न्यायालयाने ठरवले. हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये एकट्या लॉर्ड पोर्टर यांनी भिन्नमत नोंदवले. प्रचार हीनच होता, पण फाशीसाठी हा आधार फार तोकडा होता. वाँड्सवर्थ तुरुंगात त्याला फाशी झाली. १९७६ मध्ये अवशेष गॉलवेत पुरण्यात आले.