शॅम्पेनची मोजणी

भूमी अभिलेख खात्यात भूकरमापक म्हणून माझी सगळी नोकरी निफाड-दिंडोरीकडे गेली. भावाभावांच्या बांधावर साखळी टाकताना एक गोष्ट ध्यानात येते. वीतभर जमिनीवरून माणसं कोर्टात जातात ती त्या वीतभरात काय पिकतं आणि काय भावानं जातं, यावरून. कोरडवाहू माळाची मोजणी कोणी मागत नाही. शेजारी द्राक्षबाग उभी राहिली की अर्ज येतो. त्यामुळे फ्रान्समधल्या शॅम्पेनच्या हद्दीचा इतिहास वाचताना मला सगळं ओळखीचं वाटलं. तिथे वाद दोन जिल्ह्यांत लागला होता आणि तो थांबवायला पलटणी आणाव्या लागल्या, एवढाच फरक.

मार्न जिल्ह्यातली रँस आणि एपर्ने ही शॅम्पेनच्या बड्या व्यापाऱ्यांची शहरं. बहुतेक द्राक्षं मात्र हजारो छोट्या बागायतदारांची. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मुळं खाणारी फिलॉक्सेरा कीड या बागांत शिरली, बागा उपटून नव्यानं लावायची वेळ आली. त्याच काळात काही व्यापारी लोआर खोऱ्यातून, दक्षिण फ्रान्समधून रेल्वेनं स्वस्त वाइन आणवत, आपल्या तळघरात तिला फेस आणत आणि शॅम्पेन म्हणून विकत. बागायतदारांची मागणी सरळ होती : शॅम्पेनचा मुलूख कोणता ते सरकारनं आखून द्यावं, आणि बाहेरच्या मालाला ते नाव लावू देऊ नये.

सरकारनं १७ डिसेंबर १९०८ रोजी हुकूम काढला. मार्न जिल्ह्यातल्या आणि शेजारच्या एन जिल्ह्यातल्या काही गावांना आत घेतलं. दक्षिणेचा ओब जिल्हा बाहेर राहिला.

आता ओबची बाजू ऐका. शॅम्पेनच्या काउंटांची राजधानी होती त्र्वा, आणि ते शहर याच ओब जिल्ह्यात. मध्ययुगात शॅम्पेनच्या ज्या जत्रांना सगळ्या युरोपचे व्यापारी यायचे, त्यांतल्या काही मोठ्या जत्रा इथेच भरायच्या. ज्या गावावरून मुलखाचा कारभार चालला, तेच गाव मुलखाबाहेर! मार्नवाले म्हणत, तुमची माती वेगळी. तेही खोटं नव्हतं. एपर्नेच्या आसपास पांढऱ्या खडूचे थर आहेत. बार-सुर-ओब, बार-सुर-सेनकडे त्याहून जुनी चुनखडीयुक्त चिकणमाती, शाब्ली या दुसऱ्या वाइन-मुलखातल्या मातीच्या जातीची. शिवाय ओबमध्ये गमे नावाचं द्राक्ष फार, ते मार्नमध्ये कमअस्सल समजलं जाई. पण मातीचाच निकष लावायचा तर त्र्वाच्या अगदी शेजारी माँग्यू नावाची टेकडी आहे, आणि ती खडूचीच आहे. म्हणजे इतिहास धरला तर ओब आत, भूगर्भ धरला तर बराचसा बाहेर, आणि तोही सरसकट नाही. कागद एक बोलतो आणि बांध दुसरंच, अशी प्रकरणं मी नोकरीत पुष्कळ पाहिली. इथे तर कागदावर चक्क जिल्ह्याची हद्द उचलून ठेवली होती. फ्रेंच राज्यक्रांतीनंतर कारभाराच्या सोयीसाठी पाडलेले ते जिल्हे. त्यांच्या रेघांना द्राक्षाशी काय देणंघेणं?

१९१० साल वाईट गेलं. पाऊस, कीड, रोग. पीक जवळजवळ हातचं गेलं. ज्यानं डावणी रोगात बाग गमावली आहे त्याला त्या हिवाळ्याची कल्पना येईल. जानेवारी १९११ मध्ये मार्न नदीकाठच्या दामरी आणि ओव्हिलेर गावांत लोकांनी बाहेरून आणलेली वाइन ओतून दिली, पिंपं फोडली. वसंतात ओब पेटलं. सरपंचांनी राजीनामे दिले, कराचे कागद जाळले गेले, त्र्वामध्ये प्रचंड मोर्चा निघाला. त्यानं बिचकून ११ एप्रिलला सेनेटनं हद्दच काढून टाकण्याच्या बाजूनं कौल दिला. ही बातमी मार्नमध्ये पोहोचायचा अवकाश, दुसऱ्या दिवशी आयी गावात बागायतदारांनी व्यापाऱ्यांच्या कोठ्या फोडून जाळल्या, वाइन रस्त्यावरून वाहिली. हजारो सैनिक बागांतून तैनात झाले.

जूनमध्ये सरकारनं तोडगा काढला : ओबला ‘शॅम्पेन, दुसरा विभाग’ म्हणायचं. असला तोडगा कचेरीत बसूनच सुचू शकतो. थोरल्याला वाडा आणि धाकट्याला ‘वाडा, दुय्यम’ असा उतारा दिला तर धाकटा घेईल का? ओबनं तो नाकारला, मार्नलाही रुचला नाही. संसदेत फेरविचार चालू असताना १९१४ चं युद्ध सुरू झालं आणि त्याच मार्नच्या बागांतून खंदक गेले.

खरी मोजणी व्हायला २२ जुलै १९२७ चा कायदा यावा लागला. माझ्या मते या सगळ्या प्रकरणातलं शहाणपणाचं पाऊल हेच. त्यानं गावांची यादी केली, त्यात ओब आलं, आणि पुढे गावातल्या जमिनीचा तुकडा पाहिला : आज इथे द्राक्ष आहे का, किंवा फिलॉक्सेरापूर्वी होतं का? असेल तर आत. कोणत्या जाती चालतील तेही ठरलं. ओबला गमे काढायला मुदत मिळाली. आज शॅम्पेनच्या सुमारे ३४,००० हेक्टर बागांपैकी जवळपास चौथाई ओबमध्ये आहेत.

पण या पद्धतीतही मेख होती. १९२७ मध्ये द्राक्षाला भाव नव्हता. पुष्कळ गावांना धान्य आणि गाईगुरं बरी वाटली, त्यांनी नाव लावून घ्यायची खटपटच केली नाही. फाँतेन-स्युर-आयी हे गाव असं बाहेर राहिलं. भोवतालची गावं आत, हे मधलं बाहेर. आज आतल्या बागेचा भाव हेक्टरी दहा लाख युरोंच्या आसपास आहे, आणि बाहेरची धान्याची जमीन त्याच्या अगदी थोड्या हिश्श्याला जाते. २००३ पासून फेरमोजणीचं काम हाती घेतलं गेलं, २००८ मध्ये आत घ्यायच्या सुमारे चाळीस गावांची यादी निघाली. तेव्हा आजोबांनी खटपट का केली नाही, असं किती नातवंडांना वाटलं असेल!

आपल्याकडे ‘नाशिक व्हॅली वाइन’ला भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. ‘शॅम्पेन’ या नावाचीही भारतात तशीच नोंद आहे, त्यामुळे एपर्नेच्या नामांकित घराण्याची दिंडोरीत तयार होणारी फेसाळ वाइनसुद्धा इथे शॅम्पेन म्हणून विकता येत नाही. आपली हद्द आज ढोबळ आहे. पण वाइनला भाव आला की कोणीतरी गटागटानं मोजणी मागणारच, आणि त्या दिवशी विचारलं जाईल की या गटात द्राक्ष कधीपासून आहे. म्हणून बागायतदारांना माझं सांगणं आहे : ई-पीक पाहणीत दरवर्षी बागेची नोंद स्वतः करा. वाइनची जात असेल तर द्राक्षं घेणाऱ्या वायनरीशी झालेला करार आणि रोपांच्या पावत्या जपून ठेवा. नुसतं ‘पड’ लागलेला सातबारा घेऊन मोजणीदारासमोर उभं राहू नका.